ओटीवर हरलेला खटला

अण्णा, दिवंगत पित्यास प्रश्न विचारण्याची तरतूद कोणत्याही संहितेत नाही, हे आपल्या वकील चिरंजीवास ठाऊक आहे. परंतु माझी बुद्धी सांप्रत इतकी संभ्रमित झाली आहे की आपल्यावाचून दुसरा साक्षीदार सुचत नाही. आणि आपण समन्सच्या कक्षेबाहेर गेलात त्यालाही तप उलटले.

आपली रीत अशी, की कोर्टात जाण्यापूर्वी खटला सकाळी ओटीवर चालवायचा आणि प्रतिपक्षाची बाजू मी मांडायची. शेजारगावच्या खोताचा दावा आठवतो. कुळाने त्याच्या जमिनीत आंब्याची कलमे लावली होती. जमीन खोताची, सबब झाडेही खोताची, हे आपले म्हणणे. आपण झोपाळ्यावर बसला आहात आणि मी उंबऱ्याशी उभा राहून गर्जतो आहे, "ज्याने कातळ फोडला, खड्ड्यात माती वाहिली, उन्हाळाभर कावडीने पाणी घातले, त्याचा त्या झाडावर काहीच हक्क नाही?" झोपाळा थांबतो. आपण खदखदा हसता. "हरलो रे, सपशेल हरलो! आण ते पागोटं. आता कोर्टात जिंकून येऊ." आणि जिंकलात. कूळ कोर्टाच्या पायरीवर बसून राहिले, आणि आपण घरापर्यंत चकार शब्द काढला नाहीत. त्या मौनाचे खापर मी युक्तिवादाने बसलेल्या आपल्या घशावर फोडले.

पुढे खोतांच्याच मतांवर आपण मुंबईच्या कौन्सिलात निवडून गेलात, आणि तिथे उभे राहून काय बोललात? कातळ, माती, कावड! माझेच भाषण, स्वल्पविरामासकट, कुळांच्या बाजूने. वर्तमानपत्र रत्नागिरीस पोहोचले आणि ओटीखालचे पक्षकारांचे जोडे अंतर्धान पावले. "मुंबईचं पाणी बाधलं हो यांना," म्हणून आईने सुंठ उगाळली. मी बंदरावर आपल्याला उतरवून घ्यायला आलो. आगबोटीतून पडावात आणि पडावातून गुडघाभर पाण्यात उतरताय, तोच मी विचारले, "अण्णा, तुमचं खरं मत कुठलं?" आपण म्हणालात, "आधी पागोटं धर. भिजेल." मी धरले. त्याच वर्षी आपण गेलात, आणि उत्तर राहून गेले.

तेव्हापासून मी या द्वैतात गटांगळ्या खातो आहे. कौन्सिलात बोलले ते आपले अंतःकरण, की जन्मभर उलट बाजू ऐकून जडलेली सवय? पोट कोर्टात आणि विवेक मुंबईत, अशी आपण वाटणी केली होतीत काय?

हे कुतूहल निव्वळ तात्त्विक राहिले असते, तर मी सुखाने म्हातारा झालो असतो. पण गेल्या पंधरवड्यात आपले स्वतःचे कूळ ओटीखाली येऊन उभे राहिले. आपल्या कातळावरची कलमे त्याच्या बापाने लावलेली. ती बाग त्याला नावावर हवी आहे. "वकीलसायेब, मोठं सायेब मुंबैत बोललं ता आमच्या वाडीत पोराटोरांस म्हाईत हाय. ता खरा नव्हता काय?" मी, वाक्पटुत्वाबद्दल जिल्ह्यात बऱ्यापैकी बदनाम असलेला गृहस्थ, यंदा मोहोर कसा आहे ते विचारू लागलो. तो गेल्यावर धाकटा बंधू कडाडला, "दादा, अण्णांनी कोर्टात जिंकलेला मुद्दा आपण घरात हरायचा? आणि उद्या आपल्या मुलांनी खायचं काय, अण्णांचं भाषण?"

दोघांनीही आपल्यालाच साक्षीस काढले आहे, आणि दोघेही खरे बोलतात, ही आपत्ती! म्हणून काल सकाळी मी झोपाळ्यावर बसून आपली बाजू मांडली, मग उंबऱ्याशी उभा राहून माझी. सौभाग्यवतींनी दारातून पाहिले आणि सुंठ उगाळायला घेतली.

हे पत्र कुठल्याच टपालाने जाणारे नाही, म्हणून कबूल करतो, की आपले मत विचारण्याचा मला आता अधिकार उरलेला नाही. बाग त्याच्या नावे करून देणारा दस्त मी आज दुपारीच नोंदवून आलो. आधार एकच: ओटीवर हरताना आपण हसलात, आणि कोर्टात जिंकून येताना हसला नाहीत. पुरावा अत्यंत अपुरा आहे, अण्णा. समोर आपण असता, तर मी तो टिकू दिला नसता.