सांजमुलखाचा पहिला नकाशा

बोरी, ता. जिंतूर
दि. ११ जानेवारी २०२५

चि. शिवकन्या,

आईचा लय लय आशीर्वाद. इकडं सगळं ठीक हाय. तुझ्या अप्पांची कंबर थंडीनं धरते, पण ऊसतोडीला जाणं बंद केल्यापासून खोकला कमी हाय. धाकटा राम पूर्णेला राहून रेल्वेच्या परीक्षेचा अभ्यास करायलाय. तूर काढून झाली.

तू फोन अप्पांना करतीस, मी बाजूला बसून ऐकते. म्हणून आज कागद घेतला.

तुझं सांजमुलखाचं पुस्तक आपल्या शाळेत आलं! सविता मॅडमनी त्यातला नकाशा अख्ख्या भिंतीवर रंगवून घेतला. गेल्या शनिवारी मला बोलावणं आलं, "शिवकन्याची आई म्हणून या." हिरवं इरकल नेसून गेले. मला खुर्ची दिली.

पोरांना तुझा मुलूख तोंडपाठ हाय. जांभळी नदी कुठून निघते, उतारावरबी ती सावकाश का चालते. शिंगांत काजवे घेऊन फिरणारी हरणं. घुबड आन कावळा एकाच झाडावर, कारण तिथं कुणाचीच झोपायची येळ होत न्हाई. उसाच्या पाचटाच्या घरांचं थांबेगाव. इतिहाससुद्धा पाठ: दिवस आन रात्र त्या जमिनीवरून भांडले, एकमेकांचा बांध कोरत बसले, शेवटी दोघांनाबी ती मिळाली न्हाई. "हे तर आपल्याच गावचं झालं," म्हणून सरपंच हसले. मी मान ताठ करून बसले होते. शेजारणीला सांगत होते, हे घुबड पोरीनं सोनपेठकडच्या उसाच्या फडावर बघितलेलं हाय.

मग वैष्णवी म्हणून तिसरीतली पोर उठली. तिचे आईबाप सध्या तोडीला गेलेत, ती आजीपाशी ऱ्हाती. तिनं मला विचारलं, "तिथला दिवस मावळत का न्हाई?"

मॅडम सांगायला लागल्या, पण मला काही ऐकू येईना. डोळ्यापुढं फडावरची आपली पाचटाची कोपी आली. तू सात वर्षांची, तुझ्या मांडीवर राम. रोज कोयता उचलताना मी म्हणायची, "मी दिवस मावळायला येते, बाई." आन ट्रॅक्टर भरूस्तोवर अंधार पडायचा. दिवस मावळायचा, मी यायची न्हाई.

म्हणून तू तिथला दिवसच मावळू दिला न्हाईस. मला हे इतक्या वर्षांनी, त्या खुर्चीवर कळलं.

पुस्तकाच्या शेवटी तू लिहिलंस, पहिला नकाशा कोपी हलवताना हरवला. मॅडमनी ते वाचून दाखवलं. तू मला झाकलंस, शिवकन्या. माझ्यानं बसवेना. उभी राहिले आन म्हणलं, "हरवला न्हाई तो. रामच्या लसीच्या डोसाच्या कार्डावर तिनं काढला होता. कार्ड नासलं म्हणून मी तिला जळणाच्या लाकडानं मारलं आन रागात ते चुलीत घातलं. तिच्या भुवईवरचा वण त्याचाच हाय."

तुझे अप्पा दारात उभे होते, त्यांनी खाली बघितलं. वैष्णवीच पुन्हा बोलली, "मग त्यांनी परत कसा काढला?"

मी म्हणलं, "तिच्या डोक्यात होता, बाळा. तिथवर माझा हात पोचला न्हाई."

पोरांनी टाळ्या वाजवल्या. त्या तुझ्या होत्या, मला ठाऊक हाय. तरी मी उभी राहून घेतल्या.

मारलं त्या दिवशी मी तुला जवळ घेतलं न्हाई. भाकरी पुढं सरकवली, तू खाल्ली न्हाईस. पुढं तू दहावीला तालुक्यात पयली आलीस, पुण्याला गेलीस, चित्रं काढून पोट भरायला लागलीस. घरी येणं कमी होत गेलं. पोरीला कामातून येळ मिळत न्हाई, असं मी गावात सांगत ऱ्हायले. खरं काय ते मला माहीत होतं.

आता कुणी वण कशाचा म्हणून विचारलं तर पडले म्हणू नको. आईनं मारलं म्हण. आन आईनंच भर शाळेत सांगितलं, हेबी सांग. दोन्ही सांग.

माफी मागायचं धाडस झालं की तेबी लिहीन. आज एवढंच जमलं.

शिवकन्याची आई म्हणून खुर्चीवर बसलेली,
पारूबाई