पाठमोऱ्या बापाला गप्प राहू द्यावे

मी, अश्विन दौलत पगारे, वय ५८, राहणार जेल रोड, नाशिकरोड, जपानी मालिकांचे मराठी संवाद लिहिणारा, पूर्ण शुद्धीत आणि कोणाच्याही दबावाशिवाय हे मृत्युपत्र करीत आहे. उद्या माझी बायपास आहे. डॉक्टर म्हणतात पडून राहा. मी सकाळपासून वॉर्डात येरझारा घालतोय.

१. जेल रोडचा फ्लॅट व बँकेतील ठेवी पत्नी राखी हिला. जपानी लेखिका सायोको तानिगावाबाईंच्या मालिका मी वीस वर्षे मराठीत आणल्या. भेट कधीच नाही. आधी बोलक्या कोल्ह्याचे कार्टून, मग पोलिसांची मालिका. ती आपटली आणि बाईंना पाच वर्षे काम मिळाले नाही, म्हणून मलाही नाही. तेव्हा घर राखीच्या पगारावर चालले. फ्लॅट तिचाच आहे, मी फक्त कागदावर आणतोय.

२. शब्दकोश, हेडफोन आणि लॅपटॉप माझी विद्यार्थिनी तेजल हिला. बाईंच्या नव्या मालिकेचा शेवटचा भाग मराठीत तिनेच लिहावा. त्यात मुलगी गाव सोडते आणि बाप फलाटावर पाठमोरा, गप्प उभा राहतो. पाठमोऱ्या माणसाचे ओठ दिसत नाहीत, त्यामुळे डबिंगमध्ये त्याच्या तोंडी काहीही घालता येते. स्टुडिओचा महेश त्यावरच टपलाय. "सर, जागा आहे ना, टाका चार वाक्यं! बाप रडतोय हे पब्लिकला कळायला नको का?"

नको. ही शांतता लिहायला बाईंना अख्खी कारकीर्द लागली. वकील म्हणाले, हे मृत्युपत्रात बसत नाही. न बसो. तेजल, तिथे एक अक्षर घालू नकोस.

३. महेशला माझी स्टुडिओतली मोडकी खुर्ची. बसून बघ म्हणावं.

४. मनमाडचा प्लॉट मुलगा संघर्ष याला. दोन वर्षे तो घरी आलेला नाही. भांडणात म्हणाला, "बाबा, आयुष्यभर दुसऱ्यांचे डायलॉग लिहिलेत. मला स्वतःचं काही बोललात कधी?" मी खिडकीकडे तोंड करून उभा राहिलो आणि तो निघून गेला.

पडद्यावर बाप गप्प शोभतो, घरात नाही. संघर्ष, तू गेल्यापासून मला करमत नाही. प्लॉट वीक नाहीतर ठेव, पण घरी ये. राखी, मृत्युपत्र उघडायची वाट बघू नकोस. या कलमाचा फोटो त्याला आत्ताच पाठव.

दोन्ही साक्षीदारांसमोर मी सही केली आणि त्यांनी माझ्यासमोर.

अश्विन दौलत पगारे (सही)

साक्षीदार:
केरू साळवे, शेजारी (सही)
चांगुणा गांगुर्डे, शेजारच्या खाटेवरील पेशंटच्या आई (सही)

नाशिक, दि. ९ फेब्रुवारी २०२५