आठवा डबा

दादा,

तू पाठवलेला डबा काल मिळाला. बाबांच्या सिनेमाचं शेवटचं रीळ, तुझ्या माळ्यावर अकरा वर्षं बिनझाकणाचं पडलेलं. मशीनवर लावलं आणि पडद्यावर आई हसली, अगदी लख्ख. नायिका मिळेना म्हणून बाबांनी तिलाच उभं केलं होतं ना!

बाकीचे सात डबे मी तुझ्याशी भांडून नेले. “तुला यातलं काय कळतं?” असंही बोलले. हवा लागू नये म्हणून प्रत्येक झाकण चिकटपट्टीने बंद केलं. तिथेच माझं शहाणपण नडलं. जुनी फिल्म आतून आंबत जाते. तो आंबट वास बाहेर पडला नाही, तर तिलाच खातो. तू म्हणालाही होतास, “अगं, तिला जरा वारा लागू दे.” सातही रिळांचा चिकट लगदा झाला.

हे मला पाच वर्षांपूर्वीच कळलं. तरी बाबांच्या सिनेमावरच्या माझ्या माहितीपटात, माझ्याच आवाजात वाक्य आहे: ‘घरच्यांच्या हलगर्जीपणामुळे हा सिनेमा गेला.’ ते ऐकून तू उठून गेलास, असं वहिनी म्हणाली. इकडे आपल्या भाषेतले विसरलेले सिनेमे वाचवणारी बाई म्हणून माझे सत्कार चालू आहेत.

उद्या माहितीपट पुन्हा दाखवणार आहेत. ते वाक्य काढायला पाच मिनिटं पुरतील. सकाळपासून तीनदा बसले, तीनदा उठले.

डब्यात तुझी चिठ्ठी होती: ‘यातलं तुलाच कळतं. तूच सांभाळ.’

या डब्याला झाकण लावलेलं नाही, दादा.

तुझी धाकटी