दावा माझ्यामागे चालू राहील

मी, खाली सही करणारी, वय अडुसष्ट, महाविद्यालयातली निवृत्त गणित प्राध्यापिका, अविवाहित, हे स्वतःच्या हाताने लिहून ठेवत आहे. माझे डोके ठिकाणावर आहे. डॉक्टरांचा तसा दाखला सोबत जोडला आहे, कारण ते ठिकाणावर नसल्याचे महाविद्यालय चालवणाऱ्या संस्थेच्या वकिलांनी कोर्टात एकदा सुचवून पाहिले आहे. माझ्यावर कोणाचा दबाव नाही. होता तेव्हाही मी दाद दिली नाही.

१. माझे दोन खोल्यांचे राहते घर आतल्या सामानासह माझ्या भाचीला, म्हणजे धाकट्या भावाच्या मुलीला, मिळावे. भावाला या घरातला खिळाही मिळू नये. कारण लिहून ठेवते, म्हणजे मागाहून कोणी याला म्हातारीचा तिरसटपणा म्हणणार नाही.

त्याला त्या महाविद्यालयात मीच चिकटवले. पुढे संस्थेने आमचे पगार थांबवले. अध्यक्षांच्या बंगल्यावर मात्र मजला चढला. आम्ही काही जणांनी दावा लावला. भाऊही आमच्यात होता. मग त्याला प्राचार्यांची खुर्ची दाखवण्यात आली आणि तो साक्षीदाराच्या पिंजऱ्यात संस्थेच्या बाजूने उभा राहिला. शपथेवर म्हणाला, "शेवटचं वर्षभर त्या वर्गावर येतच नव्हत्या." सख्खी बहीण एका वाक्यात 'त्या' झाली.

त्याची मुलगी त्या वर्षी माझ्याच वर्गात शिकत होती. तिने आपणहून साक्ष दिली, "मी पहिल्या बाकावर बसायचे. आत्याने एकही तास बुडवला नाही." निकाल आमच्या बाजूने लागला. त्याच संध्याकाळी बापाने तिला घराबाहेर काढले. तेव्हापासून ती माझ्याकडे राहते.

२. बँकेतली ठेव फक्त कोर्टाच्या खर्चासाठी वापरावी. तिच्यातून कोणाला चहासुद्धा पाजू नये. संस्था अपिलात गेली आहे आणि आमच्या मरणावर डोळा ठेवून तारखांमागून तारखा घेते आहे. भूगोलवाले सर असेच गेले. सर गेले म्हणजे दावाही गेला, असे धडधडीत खोटे सांगून त्यांच्या पत्नीची किरकोळ रकमेवर सही घेतली. वर शोकसभा भरवली. अध्यक्ष म्हणाले की सरांनी उभे आयुष्य संस्थेला दिले. मी उठून उभी राहिले. "दिलं नाही. तुम्ही ठेवून घेतलंत." सभा लगेच आटोपली.

३. फळ्यावर वापरायचा लाकडी कंपास आणि गुण्या मी स्वतःच्या पैशांनी घेतले होते. ते पळवल्याचा आळ संस्थेने माझ्यावर घेतला होता. निवृत्तीनंतर मी ज्या खाजगी शिकवणी वर्गात शिकवले, त्याच्या मालकाला ते द्यावेत. माणूस उद्धट आहे, पण मला वेळेवर पगार देणारा तो एकटाच भेटला.

४. थकीत पगाराचा माझा सारा हक्क, व्याजासह, भाचीला देत आहे. तिने तडजोड करू नये. गेल्या महिन्यात भाऊ तसला कागद घेऊन आला होता. निम्मे घे आणि मोकळी हो, म्हणाला. मी कागदाला हात लावला नाही. विचारले, "साक्ष देताना माझ्याकडे एकदाही का बघितलं नाहीस?"

"वकील म्हणाले होते, ताई. बघू नका म्हणून."

मी दार उघडून धरले. तो गेला.

५. माझ्या मृत्यूची बातमी भावाला कोणीही फोनवरून किंवा निरोपाने कळवू नये. दाव्यात माझ्या जागी भाचीचे नाव लावण्याचा अर्ज वकिलांनी कोर्टात द्यावा आणि त्याची प्रत महाविद्यालयाच्या कचेरीत रीतसर पोचवावी. प्राचार्य म्हणून तिची पोच भावालाच द्यावी लागेल. ताई गेल्याचे त्याला त्या अर्जातून कळावे, आणि पोचेवर सही झाल्याशिवाय वकिलांनी तिथून हलू नये.

वरील मजकूर दोन्ही साक्षीदारांना वाचून दाखवला व त्यांच्यासमोर सही केली.

ठिकाण : राहते घर
दिनांक : ४ फेब्रुवारी २०१९

सही : लिहून ठेवणारी

साक्षीदार :
१. दाखला देणारे डॉक्टर (सही)
२. इतिहास शिकवणाऱ्या बाई (सही). यांनी निम्म्यावर तडजोड केली. मला ते अजून पटलेले नाही, हे त्यांच्यासमोरच लिहिले आहे.