चिखलाची केप, शुक्रवारपर्यंत

प्रति,
मा. आपत्ती निवारण अधिकारी,
दुसरा मजला, जुनी इमारत.

विषय : धरणाखालची वस्ती शुक्रवारपूर्वी रिकामी करण्याबाबत.
संदर्भ : माझे यापूर्वीचे दोन अर्ज व आपले एक उत्तर.

महोदय,

सविनय कळवितो की, शहराचे रक्षण करणाऱ्या कंपनीत मी अकरा वर्षे शिंपी आहे. टीव्हीवर उडणाऱ्या महारक्षकांची केप मी शिवतो. फाटकी, जळकी केपही मीच करून देतो, कारण कोऱ्या केपेत आगीतून बाहेर आलेला माणूस बरा दिसत नाही.

१. गेल्या महिन्यात सोमवारी मागणीपत्र आले : "जळकी केप, उजवा खांदा, एक नग." मी इस्त्रीने खांदा जाळून दिला. बुधवारी कापडाच्या गोदामाला आग लागली. महारक्षक तीच केप घालून एका बाईला उचलून बाहेर आले. आत राहिलेल्या एकोणीस जणींत माझी धाकटी बहीण होती.

२. तसा अर्ज केला असता "शिवणकाम या कार्यालयाच्या अखत्यारीत येत नाही" असे आपण कळविलेत. दुसरा अर्ज आपण अभिप्रायासाठी कंपनीकडेच धाडलात. कंपनीने मला उत्कृष्ट कारागिराचे प्रमाणपत्र दिले. सुपरवायझर म्हणाले, "मास्तर, मान खाली घालून टाके घाला. टीव्ही बघायला अख्खं गाव पडलंय." मी मान खाली घातली, याची मला लाज वाटते.

३. काल नवे मागणीपत्र आले : "ओली केप, खालची कड चिखलाने माखलेली, शुक्रवारी सकाळी हवी." ठिकाणाच्या रकान्यात "धरणाखाली, कॅमेरा पुलावर" असे आहे. धरणाखाली आमचीच वस्ती आहे. शेजाऱ्यांना सांगितले तर ते हसले. घरोघरी महारक्षकांचे फोटो लावलेत. "ते आहेत ना, मग कसली भीती?" असे मलाच समजावतात.

४. त्याच कागदावर तळाला लिहिले आहे : "वाचलेल्या मुलासाठी कोरडी चादर, एक नग." वस्तीत मुले त्रेचाळीस आहेत. मी दारोदार फिरून मोजली.

तरी वस्ती रिकामी करण्याचा आदेश व्हावा. तेही अखत्यारीत येत नसल्यास, निदान "एक" हा आकडा खोडून तेथे "त्रेचाळीस" लिहिण्याची शिफारस आपण कंपनीकडे करावी. कापडाची अडचण सांगू नये. उरलेल्या बेचाळीस चादरी मी शिवून ठेवल्या आहेत.

आपला नम्र,
अद्याप वस्तीतच राहणारा,
केपवाला शिंपी

दिनांक : बुधवार

सोबत : मागणीपत्रांच्या दोन प्रती, मुलांची यादी, वयासह.