पिंजरा आत, मी बाहेर

सोमवार, ता. ३
ही बहिणीकडे गेली. बाथरूमवरच्या पोटमाळ्यातले उंदीर जाईपर्यंत घरात पाऊल ठेवणार नाही म्हणाली. दोन दिवसांचं काम आहे, मी शांतपणे सांगितलं. ती बॅगेत स्वेटर भरत होती. थंडीला अजून अवकाश आहे.

मंगळवार
स्टुलावर चढलो. माळ्याच्या तोंडातून डोकं गेलं, खांदे गेले, पोट राहिलं. बांधणाऱ्याची चूक. उंदीर पार टोकाला, जुन्या गादीत. मेहुणी फोनवर म्हणाली, पेस्ट कंट्रोलवाल्याला बोलवा. मी घरात असताना? छे!

बुधवार
पिंजऱ्यात पाव लावला. जळमटं काढायच्या काठीने ढकलत ढकलत पिंजरा थेट गादीपर्यंत नेला. अशा कामाला डोकं लागतं.

गुरुवार, सकाळ
खट्! सापडला! हिला लगेच फोन. लांब सोडून आलात का, तिने विचारलं. निघतोच आहे, म्हणालो. मग लक्षात आलं, काठीने ढकलता येतं, ओढता येत नाही.

शुक्रवार
काठीला हुक बांधला. पिंजरा आणखी मागे गेला. काठीही आतच राहिली. मेहुणी म्हणते, उंटावरून शेळ्या हाकणं सोडा. वर दिवसभर खुडबुड. उपाशी असेल बिचारा. नेम धरून पावाचे तुकडे फेकले.

रविवार
काल पाठ धरली, म्हणून लिहिलं नाही. नेम सुधारलाय. एकट्याला जेवण जात नाही, घर खायला उठतं. ताटातलं अर्धं वरच जातं. शेवटी हिला कळवलं, उंदरांचा निकाल लागला, ये आता. तसं खोटं नाही. लागल्यात जमा आहे.

मंगळवार, ता. ११
ही आली. चहा ठेवला, तेवढ्यात वर खुडबुड. ती स्टुलावर चढली, सरपटत आत गेली, पिंजरा घेऊन खाली. मी एक पकडला होता, खाली सात आले. आई आणि सहा पिल्लं. आई चांगली गुबगुबीत.

उंदरांना मी कधीच भ्यायले नव्हते, ती म्हणाली. आठ महिने तुमचं 'उद्या बघतो' ऐकून विटले होते. गादीत अजून आहेत. आठवडाभर अर्धपोटी राहिलात, आता मावाल. चढा.

पाठ खरंच दुखते आहे. उद्या बघतो, म्हणालो.

तिची बॅग दाराशीच आहे. स्वेटर अजून बाहेर काढलेला नाही.