अठरा जणांनी वाजवलेली शांतता

पॅरिस, १२ मार्च १९६४

तीर्थरूप ओदील मावशीस,

जिने छडी न उगारता माझी बोटं पियानोवर सरळ केली, तिच्या दोन्ही गालांवर भाच्याचे मुके. गुडघा कसा आहे? चर्चचा ऑर्गन अजून तूच वाजवतेस ना, की त्या नव्या पाद्र्याने रेकॉर्डी लावायला सुरुवात केली? (केली असेल तर कळव, मी येऊन भांडतो. सध्या माझा भांडायचा हात चांगला बसला आहे.)

एव्रार नावाचे दिग्दर्शक आहेत, त्यांच्या सिनेमाला मी संगीत देतोय. त्यात एक बाई नवऱ्याला पुरून घरी येते आणि पाठमोरी उभी राहून ताटल्या धुते. पावणेतीन मिनिटं नुसत्या ताटल्या. प्रेक्षकांनी रुमाल काढावेत म्हणून एव्रारना तिथं व्हायोलिनं हवीत. मी म्हटलं, इथं एक सूरही येणार नाही. ते म्हणाले, सिनेमा माझा आहे. मी म्हटलं, आपल्या कायद्यात संगीतकारही सिनेमाचा कर्ताच धरतात, तेव्हा निम्म्या ताटल्या माझ्या. (दुसऱ्या दिवशी ते वकिलाला विचारून आले आणि फार उदास दिसले.)

मग मीही हट्टाला पेटलो. त्या प्रसंगासाठी स्वरलिपीत पावणेतीन मिनिटांचे नुसते विराम लिहिले, अठराही वादकांसाठी त्यांच्या रीतसर नकला करून घेतल्या, आणि काल ध्वनिमुद्रणाला सगळ्यांना वाद्यांसकट बसवून, पडद्याकडे बघत हात हलवून ती शांतता वाजवून घेतली. पहिल्या खेपेला हार्पवाल्या बाईंनी पान उलटलं, ते ऐकू आलं. दुसऱ्या खेपेला जेवणाची वेळ होत आली होती, आणि बासून हे खर्जाचं वाद्य फुंकणाऱ्या म्हाताऱ्या मोरिसोंच्या पोटाने त्यांच्या वाद्याहून खालचा सूर लावला. तिसऱ्या खेपेला मात्र कुणी श्वाससुद्धा मोठ्याने घेतला नाही. तेव्हा एव्रार काचेमागून बाहेर आले.

"फिर्मँ, शांतताच हवी होती तर एवढी माणसं कशाला बोलावलीस? खोलीला कुलूप लावलं असतं तरी भागलं असतं."

"रिकाम्या खोलीची शांतता वेगळी, आणि अठरा माणसांनी तोंड मिटून धरलेली वेगळी. तुम्हाला ऐकू येत नसेल तर माझं नाव काढून टाका."

ते जेवायला निघून गेले. संध्याकाळी निरोप आला, की मंगळवारपर्यंत व्हायोलिनं लिहून आली नाहीत तर दुसरा संगीतकार बघू. बघू देत. मोडेन पण वाकणार नाही.

ताठ मानेचा तुझा,
फिर्मँ

ता. क. जाताना मोरिसोंनी माझी पाठ थोपटली आणि कानात म्हणाले, शांतता चांगली आहे, पण जरा घाबरलेली वाटते.

आणखी एक ता. क. मावशी, तुझ्याशी खोटं कशाला बोलू? तत्त्वबित्त्व काही नाही. अकरा दिवस पियानोपुढे बसलो, एक ओळ सुचली नाही, कारण डोळ्यांपुढे तूच येत होतीस. अनसेल्म काकांना पुरून आलो त्या दुपारी तू ताटल्या धूत होतीस आणि मी पुसायचं फडकं घेऊन दारात उभा होतो. तू काहीतरी गुणगुणत होतीस. मला रडू फुटलं, मी अंगणात निघून गेलो आणि पुढचं ऐकायचं राहिलं. ती चाल कुठली होती? आठवत असेल तर सोमवारच्या आत लिहून पाठव. व्हायोलिनं नाही घालणार, सिनेमातल्या त्या बाईलाच हळू गुणगुणू देईन. पण ती चाल तुझी आणि काकांची आहे. तू नको म्हणालीस तर शांतताच राहील, आणि मग एव्रारनी खुशाल दुसरा संगीतकार आणावा.